काशीच्या टांकसाळीतील लिपिशोधक : जेम्स प्रिन्सेप

काशीस दशाश्वमेधावरून दक्षिणेस थोडे चालत गेले की अहल्याबाईंचा घाट लागतो आणि त्याला लागूनच मुन्शी घाट. नागपूरकर भोसल्यांचे मंत्री श्रीधर मुन्शी यांनी १८१२ च्या सुमारास हा घाट व त्यावरील भव्य वाडा बांधविला. पुढे १९१५ मध्ये दरभंग्याच्या महाराजांनी तो वाडा घेतला, तरी घाटाच्या एका भागास नाव मुन्शींचेच राहिले. घरापासून दूर गेलेल्या मराठी माणसाने गंगातीरी दगडात आपली खूण कशी ठेवली, हे पाहावयाचे तर या परिसरात हिंडावे. मुन्शींच्या वाड्याचा दगड अजून नवाच होता, तेव्हा १८२० साली विशी नुकतीच ओलांडलेला एक इंग्रज तरुण काशीच्या टांकसाळीत नोकरीवर रुजू झाला. दगडावरील मुकी अक्षरे बोलती करण्याचे श्रेय पुढे ज्याला मिळाले, तो जेम्स प्रिन्सेप हाच होय.

त्याचा जन्म २० ऑगस्ट १७९९ चा. वडिलांनी हिंदुस्थानात निळीच्या व्यापारात पैसा मिळविला होता, परंतु जेम्स या सातव्या मुलाच्या वाट्यास त्या श्रीमंतीतील फारसे काही आले नाही. त्याला वास्तुशिल्पी व्हावयाचे होते. पण डोळे अधू झाल्यामुळे बारीक रेखाटनाचे ते शिक्षण सोडावे लागले. डोळे सुधारल्यावर तो धातूंचा कस पाहण्याची विद्या शिकला आणि १८१९ मध्ये कलकत्त्याच्या टांकसाळीत होरेस विल्सन या संस्कृतज्ञाच्या हाताखाली आला. मराठेशाहीत पोतदाराकडे जे नाणी पारखण्याचे काम असे, साधारण तेच त्याचे काम होते. अधू डोळ्यांमुळे एका विद्येस मुकलेल्या या माणसाने पुढे झिजलेल्या, पुसट अक्षरांवर रात्री जागवाव्या, हा दैवाचा मोठा चमत्कारिक खेळ म्हटला पाहिजे.

काशीत तो दहा वर्षे राहिला. त्याने साऱ्या शहराची मोजणी करून १८२२ चा नकाशा तयार केला, घाटांची व देवळांची चित्रे काढली, सांडपाण्यासाठी भूमिगत नाला बांधला आणि पंचगंगेवरील औरंगजेबाच्या मशिदीचे ढासळू पाहणारे मनोरे सावरले. कर्मनाशा नदीवरील पुलाची हकीकत मराठी वाचकास विशेष वाटावी. जिच्या पाण्याच्या स्पर्शाने पुण्य नाहीसे होते अशी समजूत, त्या नदीवर यात्रेकरूंसाठी पूल बांधण्याचा नाना फडणिसांनी केलेला प्रयत्न पायातच फसला होता. काशीचे राजा पटनीमल यांच्या द्रव्यावर व प्रिन्सेपच्या आराखड्यावर तो पूल अखेर उभा राहिला.

१८३० मध्ये काशीची टांकसाळ बंद झाली आणि प्रिन्सेप कलकत्त्यास गेला. दोनच वर्षांत विल्सनच्या मागे तेथील एशियाटिक सोसायटीचे चिटणीसपद त्याच्याकडे आले आणि देशभरातून नाणी, ठसे व शिलालेखांच्या नकला त्याच्या टेबलावर येऊन पडू लागल्या. त्यांतले सर्वांत मोठे कोडे दिल्ली व अलाहाबाद येथील स्तंभांवरील लेखांचे होते. चौदाव्या शतकात फिरोजशहा तुघलकाने असे दोन स्तंभ दिल्लीस आणविले, तेव्हाही ते वाचू शकेल असा पंडित मिळाला नव्हता. ज्या देशात वेद कंठस्थ करून हजारो वर्षे जपले, त्या देशात आपलीच आद्य लिपी विसरली जावी, याचे आश्चर्य वाटते. परंतु मागे पडलेले अक्षर काही पिढ्यांतच परके होते, हे मोडीची दप्तरे ज्यांच्या घरी बांधून ठेवलेली आहेत त्यांना निराळे सांगावयास नको.

याच काळात पश्चिम आशियातील कीलाकृती, म्हणजे खिळ्यांसारख्या रेघांच्या लिपीचे कोडेही सुटत होते. जर्मनीत ग्रोटेफेंड या शिक्षकाने १८०२ मध्ये इराणी राजांची नावे व बिरुदे कोणत्या क्रमाने येणार याचा तर्क बांधून काही अक्षरे ओळखली होती. मुंबई इलाख्याच्या लष्करातील हेन्री रॉलिन्सन हा बेहिस्तूनच्या कड्यावर चढून दारयवहूच्या लेखाची नक्कल करीत होता. आणि बॉन येथील लासेन या पंडिताने १८३६ या एकाच वर्षी प्राचीन इराणी कीलाक्षरांवर ग्रंथ लिहिला, तसेच अगाथोक्लीझ या यवन राजाच्या द्विभाषिक नाण्यावरून काही ब्राह्मी अक्षरेही ओळखली.

प्रिन्सेपला वाट सापडली ती मात्र राजांच्या बिरुदांतून नव्हे. १८३७ मध्ये कॅप्टन स्मिथने सांचीच्या कठड्यांवरील कित्येक आखूड लेखांच्या नकला पाठविल्या. छपाईसाठी त्या मांडून ठेवीत असता प्रिन्सेपच्या ध्यानात आले की, जवळजवळ प्रत्येक लेखाच्या शेवटी तीच दोन अक्षरे आहेत. मग हा सलग मजकूर नसणार. निरनिराळ्या माणसांनी दिलेल्या वस्तूंवरील हे निरनिराळे उल्लेख असणार. तसे असेल तर शेवटचा शब्द दानं हाच. त्याआधी येणारे अक्षर सौराष्ट्राच्या नाण्यांवरून त्याला माहीत झालेले षष्ठीचे स होते, म्हणजे अर्थ झाला अमक्याचे दान. त्याने स्वतः यासाठी ब्रह्मदेशातील देवळांचा दाखला दिला आहे. तथापि काशीसारख्या दानाच्या नगरीत ज्याने दहा वर्षे काढली, त्याला ही कल्पना सुचणे सोपे गेले असावे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. द आणि न हाती आल्यावर उरलेली अक्षरे भराभर उलगडली आणि काही आठवड्यांतच दिल्लीच्या स्तंभाचे वाचन झाले. या कामी कमलाकांत विद्यालंकार यांच्यासारख्या पंडितांचे साहाय्य होते; त्यांचे नाव मात्र सहसा घेतले जात नाही.

लेखांतला देवांना प्रिय असा पियदसी राजा कोण, हा प्रश्न उरला. प्रिन्सेपला आरंभी तो सिंहलद्वीपाचा राजा वाटला. पण तेथील टर्नर या अधिकाऱ्याने पाली ग्रंथ पाहून कळविले की, पियदसी म्हणजे चंद्रगुप्त मौर्याचा नातू अशोक. मुंबईच्या रेव्हरंड जॉन विल्सन यांच्याकडून गिरनारच्या लेखाची नक्कल आली. तीत प्रिन्सेपला अँटिओकस व टॉलेमी या ग्रीक राजांची नावे आढळली आणि अशोकाचा काळ जगाच्या इतिहासाशी जुळला.

टांकसाळीची नोकरी सांभाळून केलेले हे श्रम त्याच्या देहास झेपले नाहीत. १८३८ च्या शरदात मेंदूच्या विकाराने त्याला गाठले. बुद्धी झाकोळलेल्या स्थितीत त्याला विलायतेस नेले आणि २२ एप्रिल १८४० रोजी, अवघ्या चाळिसाव्या वर्षी, लंडन येथे तो वारला. कलकत्त्याच्या लोकांनी हुगळीवर त्याच्या नावाचा घाट बांधला.

त्याने दिलेल्या किल्लीने पुढे नाणेघाट, नाशिक, जुन्नर, कान्हेरी येथील लेण्यांचे लेख उघडले आणि सातवाहनांचा महाराष्ट्र प्रथमच स्वतःच्या शब्दांत ऐकू आला. बाळशास्त्री जांभेकर व डॉ. भाऊ दाजी यांनी शिलालेख-ताम्रपटांचा अभ्यास आपल्याकडे रुजविला. कार्ल्याच्या चैत्यगृहात वैजयंतीहून आलेल्या भूतपाल शेठीचे नाव आहे, आणि खांबांवर धेनुकाकटाच्या कित्येक रहिवाशांची, त्यांत यवनांचीही, नावे आहेत. त्यांनी आपल्या नावाआधी गावाचे नाव कोरविले आहे, आणि शेवटी सांचीला सापडलेला तोच शब्द आहे.