सदू शिंदे : सात कसोट्यांचा गोलंदाज

लेगस्पिन म्हटलं की आपल्याला शेन वॉर्न आठवतो, अनिल कुंबळे आठवतो. पण सदाशिव गणपतराव शिंदे, म्हणजेच सदू शिंदे, हे नाव आपल्या वर्गात किती जणांना माहीत आहे? खरं सांगायचं तर मलाही नव्हतं. सापगावात भातसेच्या काठी आम्ही टेनिस बॉलने खेळतो. एकदा माझ्या एकाच ओव्हरमध्ये दोन कॅच सुटले, मग दोन सिक्स बसले आणि माझी बोलिंग कायमची बंद झाली. घरी येऊन कुरकुरत बसलो, तेव्हा बाबांनी मला शिंद्यांची गोष्ट सांगितली.

शिंद्यांचा जन्म १८ ऑगस्ट १९२३ चा, मुंबईचा. त्यांचं खास अस्त्र गुगली. लेगब्रेक टप्पा पडल्यावर उजव्या बॅट्समनपासून बाहेर वळतो. गुगलीत हात जवळजवळ तसाच फिरतो, पण मनगट जास्त वळवल्याने चेंडू उलटा आत येतो. बॅट्समन फसतो तो इथेच!

१९४३-४४ च्या रणजी मोसमात महाराष्ट्राची गाठ मुंबईशी पडली. मुंबईने ७३५ धावा कुटल्या, त्यात विजय मर्चंट नाबाद ३५९! अशा दिवशी कुठलाही गोलंदाज कंटाळून चेंडू दुसऱ्याच्या हातात देईल. शिंदे मात्र ७५.५ षटकं टाकत राहिले आणि त्यांनी १८६ धावांत ५ गडी बाद केले. तेव्हा त्यांचं वय फक्त वीस, म्हणजे आज माझं आहे तेवढंच.

१९४६ मध्ये लॉर्ड्सवर त्यांनी कसोटी पदार्पण केलं. त्याच सामन्यात इंग्लंडचा ॲलेक बेडसरही पहिल्यांदा खेळला. बेडसर पुढे २३६ बळींपर्यंत पोचला. शिंद्यांना मात्र मोठ्या यशासाठी १९५१ पर्यंत थांबावं लागलं.

नोव्हेंबर १९५१, दिल्ली, समोर पुन्हा इंग्लंड. शिंद्यांनी ९१ धावांत ६ गडी टिपले आणि इंग्लंड २०३ मध्ये गारद! मग मर्चंटनी १५४ आणि विजय हजारेंनी नाबाद १६४ धावा केल्या. भारताने ६ बाद ४१८ वर डाव सोडला. तोपर्यंत भारताने एकही कसोटी जिंकली नव्हती. आता ती संधी समोर होती. दुसऱ्या डावात शिंद्यांनी तब्बल ७३ षटकं टाकली, पण आपल्या क्षेत्ररक्षकांकडून झेल सुटत गेले. ॲलन वॉटकिन्स सुमारे नऊ तास चिकटून राहिला, नाबाद १३७ केल्या आणि सामना अनिर्णित सुटला. शिंद्यांच्या नावावर लागलं १६२ धावांत २ बळी. भारताचा पहिला विजय मग फेब्रुवारी १९५२ मध्ये मद्रासला झाला. त्या संघात शिंदे नव्हते.

जून १९५२ मध्ये लॉर्ड्सवरच त्यांची कसोटी कारकीर्द संपली. ७ कसोट्या, १२ बळी, सरासरी ५९.७५. त्यातले ८ बळी एकट्या दिल्लीतले. प्रथम श्रेणीत मात्र त्यांनी २३० गडी बाद केले. २२ जून १९५५ रोजी टायफॉइडने ते गेले. बत्तिसावं वर्षही पूर्ण झालं नव्हतं. मागे लहान मुली राहिल्या. त्यातल्या प्रतिभाताईंचं लग्न पुढे शरद पवारांशी झालं. पवार नंतर भारतीय क्रिकेट मंडळाचे आणि आयसीसीचेही अध्यक्ष झाले, पण ते पाहायला सासरे नव्हते.

५९.७५ हा आकडा कुणी नुसता वाचला तर म्हणेल, साधारण गोलंदाज. पण स्कोअरकार्डात सुटलेल्या झेलांचा रकाना नसतो. आपल्या मार्कशीटवर तरी कुठे असतो? केटी लागली की आपण त्या एका आकड्यावरून स्वतःला नापास ठरवून मोकळे होतो. ७३५ धावा होत असतानाही शहात्तरावं षटक टाकायला धावत येणारा तो वीस वर्षांचा मुलगा मला त्या आकड्यापेक्षा जास्त खरा वाटतो.

गेल्या रविवारी मी पुन्हा बॉल मागून घेतला. पहिल्याच ओव्हरला सिक्स बसला. दुसरी ओव्हरही मीच टाकली.