पाहुण्याचा मान आणि घरचा हक्क : पियानोवादक टेडी वेदरफोर्ड

मुंबईचे ताजमहाल हॉटेल आपल्या जिल्ह्यातील बहुतेक कुटुंबांनी निदान बाहेरून तरी पाहिलेले असते. गावाहून आलेल्या माणसांना चाकरमानी गेटवे दाखवायला नेतो आणि समोरच्या घुमटाकडे बोट करतो. हे हॉटेल १९०३ च्या डिसेंबरमध्ये सुरू झाले. त्याच वर्षी, ११ ऑक्टोबर रोजी, अमेरिकेतील व्हर्जिनिया राज्यात पोकाहाँटस नावाच्या कोळसा खाणींच्या गावी एका कृष्णवर्णीय मुलाचा जन्म झाला. हा मुलगा पुढे जॅझ संगीतातील नामांकित पियानोवादक झाला. शिकागो, शांघाय, मुंबई, पॅरिस, कोलंबो असा प्रवास करीत तो अखेर कलकत्त्यात स्थिरावला आणि वयाच्या ४१ व्या वर्षी तेथेच मरण पावला. त्यांचे नाव टेडी वेदरफोर्ड. संगीताचे अभ्यासक त्यांचे स्मरण वादनासाठी करतात. इतिहासाच्या अभ्यासकाला त्यांच्या आयुष्यात आणखी एक प्रश्न दिसतो. स्वदेशाने नाकारलेला सन्मान परदेशात मिळाला, तर त्याचे मोल किती आणि त्याची मर्यादा कोणती?

वेदरफोर्ड जन्मले तेव्हा अमेरिकेतील गुलामगिरी कायद्याने संपून ३८ वर्षे झाली होती. परंतु १८९६ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने गोऱ्यांसाठी आणि काळ्यांसाठी रेल्वेचे वेगवेगळे डबे ठेवणे घटनेला धरून आहे, असा निवाडा दिला होता. त्या निवाड्याच्या आधाराने हा विटाळ शाळा, दवाखाने, खानावळी आणि पाणी पिण्याच्या नळांपर्यंत पसरला. अशा काळात टेडींचे बालपण वेस्ट व्हर्जिनियातील ब्लूफील्ड या खाणपट्ट्यातील शहरात गेले. १९१५ च्या सुमारास, वयाच्या बाराव्या वर्षी, ते दक्षिणेकडील न्यू ऑर्लिन्स शहरात आले. पुढील पाच वर्षांत तेथेच त्यांनी पियानो आत्मसात केला.

न्यू ऑर्लिन्स हे जॅझचे माहेर. गुलामांच्या वंशजांनी आफ्रिकेतून आलेले ताल, मळ्यांवरची श्रमगीते, चर्चमधील भक्तिगीते आणि युरोपीय बँडची वाद्ये एकत्र आणून ही कला घडविली. आपल्या भागातील वाचकाला तिचे मर्म समजणे अवघड जाऊ नये. दशावतारी नटाच्या हाती लिहिलेली संहिता नसते. आख्यान ठाऊक असते, प्रवेशांचा क्रम ठरलेला असतो. संवाद मात्र तो रंगमंचावर उभा राहून, समोरच्या नटाचा रोख ओळखून, त्या रात्रीपुरते रचतो. जॅझमधील वादकाचेही तसेच असते. चाल ठरलेली, तालाचे आवर्तन ठरलेले. त्या चौकटीत प्रत्येक वादक आपल्या पाळीला जागच्या जागी नवी रचना करतो. त्यामुळे या परंपरेत वादक आणि रचनाकार यांच्यात फारसे अंतर राहत नाही. पियानोवादकावर तर दुहेरी भार असतो. डावा हात खालच्या आणि मधल्या स्वरांमध्ये झेपा घेत ताल सांभाळतो आणि त्याच वेळी उजवा हात चाल फुलवीत नेतो. वेदरफोर्ड यांचे दोन्ही हात दणकट होते आणि त्यांचे वादन जोरकस म्हणून ओळखले जात असे.

विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकापासून दक्षिणेतील लाखो कृष्णवर्णीय कुटुंबे रोजगारासाठी आणि जिवाच्या भीतीने उत्तरेकडील औद्योगिक शहरांत जाऊ लागली. वेदरफोर्डही त्याच वाटेने शिकागोला आले. तेथील व्हेंडोम चित्रपटगृहात एर्स्किन टेट यांचा वाद्यवृंद मूकपटांना साथ करीत असे. या वृंदात वेदरफोर्ड पियानोवर होते आणि ट्रम्पेटवर होते लुई आर्मस्ट्राँग, ज्यांना पुढे साऱ्या जगाने डोक्यावर घेतले. मे १९२६ मध्ये या वृंदाने ध्वनिमुद्रित केलेल्या दोन गाण्यांत या दोघांचे वादन ऐकावयास मिळते. त्या काळात शिकागोतील पहिल्या प्रतीच्या पियानोवादकांत वेदरफोर्ड यांची गणना होत असे आणि अर्ल हाइन्स यांच्यासारख्या थोर वादकाच्या बरोबरीने त्यांचे नाव घेतले जाई.

कीर्तीच्या या उंबरठ्यावर असतानाच, १९२६ मध्ये, त्यांनी अमेरिका सोडली. जॅक कार्टर या ढोलवादकाच्या पथकाबरोबर ते आशियाच्या दौऱ्यावर निघाले आणि शांघायला पोहोचले. हे शहर तेव्हा परकीयांच्या वसाहतींचे आणि नृत्यगृहांचे शहर होते. तेथे वेदरफोर्ड यांना एवढी मागणी होती की एकाच रात्री चार नृत्यगृहांत पाळीपाळीने जाऊन ते वाजवीत असत. १९३३ मध्ये कृष्णवर्णीय कवी लँग्स्टन ह्यूज शांघायला आले, तेव्हा त्यांची वेदरफोर्ड यांच्याशी भेट झाली आणि आपल्या आत्मकथनात त्यांनी या वादकाची आठवण नोंदविली. १९३४ मध्ये वेदरफोर्ड अमेरिकेला गेले आणि बक क्लेटन या तरुण ट्रम्पेटवादकाचे संपूर्ण पथक शांघायला घेऊन आले. परंतु वर्णद्वेषही बोटीत बसून तेथवर आलेला होता. तेथील एका गोऱ्या अमेरिकनाने भर नृत्यगृहात क्लेटन यांच्याशी मारामारी केली. तिच्या परिणामी काम गमावण्याची वेळ आली ती क्लेटन यांच्या पथकावर.

यानंतर वेदरफोर्ड यांच्या आयुष्यात मुंबई आली. १९३५ च्या अखेरीस लिऑन ॲबी या व्हायोलिनवादकाने कृष्णवर्णीय वादकांचे पथक ताजमध्ये आणले होते. त्यांच्यामागून क्रिकेट स्मिथ हे वयाने ज्येष्ठ ट्रम्पेटवादक आपला वृंद घेऊन आले. या वृंदात वेदरफोर्ड पियानोवर होते आणि पुढे वृंदाचे नेतृत्वही त्यांच्याकडे आले. १९३६ मध्ये या वृंदाच्या ध्वनिमुद्रिका मुंबईतच निघाल्या. त्यांतील एक गाणे ताजमहाल हॉटेलावरच होते आणि ते मीना सायलस या मुंबईच्या ज्यू संगीतकाराने रचले होते. श्रोत्यांत युरोपीय अधिकारी, संस्थानिक आणि धनाढ्य व्यापारी असत. ज्या अमेरिकेत या वादकांना साध्या खानावळीत गोऱ्यांच्या पंक्तीला बसता येत नव्हते, तेथून हजारो मैलांवर त्यांना देशातील सर्वांत नामवंत हॉटेलात मानाची जागा मिळाली.

त्यांच्या मुंबईतील वास्तव्याचे खरे फळ मात्र नृत्यगृहाच्या बाहेर दिसले. गोव्यातील ख्रिस्ती मुलांना चर्चच्या शाळेत पाश्चात्त्य स्वरलेखन शिकविले जाई. पोटासाठी ही मुले व्हायोलिन अथवा ट्रम्पेट घेऊन मुंबईत येत आणि धोबी तलावाच्या परिसरातील आपल्या गावाच्या ‘कूड’मध्ये राहत. त्यांना कागदावरचे स्वर अचूक वाजविता येत. कागद बाजूला ठेवून वाजविणे ते या कृष्णवर्णीय कलावंतांच्या सहवासात शिकले. कुडचड्याचे फ्रँक फर्नांड हे त्यांपैकी एक. पुढे ते हिंदी चित्रपटसंगीतात वाद्यवृंदरचना करू लागले आणि १९६३ मध्ये ‘आमचें नशीब’ व १९६६ मध्ये ‘निर्मोण’ हे कोकणी चित्रपट त्यांनी निर्माण केले. हळदोण्याचे अँटोनियो झेव्हियर वाझ, अर्थात चिक चॉकलेट, हेही याच जॅझच्या मुंबईत घडले. आपले मराठी संगीतकार सी. रामचंद्र यांच्या १९५१ मधील ‘अलबेला’ या चित्रपटातील गाण्यांना जो नाचरा बाज लाभला, त्यात त्यांच्या ट्रम्पेटचा आणि वृंदाचा वाटा मोठा होता. आपल्याकडे गावोगाव ज्यांच्या हाती वाद्य होते, त्यांच्याकडे ते जातीने आलेले होते. वाजवायचे ते गावकीसाठी आणि उभे राहायचे ते देवळाबाहेर. विद्या म्हणून शिकलेले, ठरलेल्या मोबदल्यावर वाजविलेले आणि परक्याला मोकळेपणाने शिकविलेले वाद्य किती वेगळे असते, हे या पार्श्वभूमीवर कळते.

याच संदर्भात दुसरा एक प्रवास आठवतो. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१३ ते १९१६ या काळात न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात शिकत होते. विद्यापीठाला लागूनच असलेल्या हार्लेम भागात तेव्हा कृष्णवर्णीयांची वस्ती वाढत होती. अमेरिकेत बाबासाहेबांना कोणी अस्पृश्य मानले नाही. मात्र १९१७ मध्ये बडोदा संस्थानाच्या नोकरीत रुजू झालेल्या या उच्चविद्याविभूषित तरुणाला त्या शहरात राहायला जागा मिळाली नाही आणि नोकरी सोडून परतावे लागले. ज्या अमेरिकेने बाबासाहेबांना समतेचा अनुभव दिला, तीच वेदरफोर्ड यांना नाकारीत होती. ज्या हिंदुस्थानने बाबासाहेबांना पथिकाश्रमातून बाहेर काढले, त्याने वेदरफोर्ड यांना ताजमध्ये बसविले. दोघांनाही जेथे मान मिळाला, तेथे ते पाहुणे होते. पाहुण्याला मान देताना यजमानाला आपल्या घरातील उतरंड मोडावी लागत नाही. ज्या १९३५ च्या ऑक्टोबरमध्ये बाबासाहेबांनी येवल्यास धर्मांतराची घोषणा केली, त्यानंतर काही आठवड्यांतच ताजमध्ये कृष्णवर्णीयांचे पथक वाजू लागले, ही गोष्ट या दृष्टीने लक्षात ठेवण्यासारखी आहे.

१९३७ मध्ये वेदरफोर्ड पॅरिसला गेले आणि तेथे त्यांच्या एकल पियानोवादनाच्या ध्वनिमुद्रिका निघाल्या. कोणत्याही साथीशिवाय त्यांचे हात कसे चालत, याचा उत्तम पुरावा आज याच मुद्रिकांत सापडतो. नंतर कोलंबो आणि मग कलकत्त्याचे ग्रँड हॉटेल. दुसऱ्या महायुद्धात कलकत्ता हे मित्रराष्ट्रांच्या फौजांचे मोठे ठाणे बनले. वेदरफोर्ड यांच्या वृंदात तेव्हा अमेरिकी, अँग्लो-इंडियन, गोव्याचे, ब्रह्मदेशातून निर्वासित होऊन आलेले आणि नेपाळी असे नाना प्रकारचे वादक होते. जहाजावर नोकरी करणारा जिमी विदरस्पून नावाचा तरुण या वृंदाबरोबर गायला; पुढे तो अमेरिकेतील मोठा गायक झाला. सैनिकांसाठीच्या नभोवाणीवर या वृंदाचे कार्यक्रम होत.

हॉटेलच्या आत हे संगीत चालू असताना बाहेर १९४३ चा बंगालचा दुष्काळ होता. अन्नासाठी शहरात आलेली माणसे रस्त्यावर मरत होती. लोकशाहीसाठी लढणाऱ्या अमेरिकी सैन्यातही काळ्यांच्या पलटणी वेगळ्या होत्या आणि आसामातून चीनकडे जाणारा लेडो मार्ग बांधणाऱ्या अमेरिकी सैनिकांत बहुसंख्य कृष्णवर्णीय होते. ज्या भेदापासून वेदरफोर्ड १९२६ मध्ये दूर निघाले होते, तो गणवेश घालून त्यांच्या दाराशी आला होता.

२५ एप्रिल १९४५ रोजी कॉलऱ्याने त्यांचे निधन झाले. युरोपातील युद्ध संपायला तेव्हा दोन आठवडेच उरले होते. दूषित पाण्यातून पसरणाऱ्या या रोगाने त्या काळात बंगालमध्ये अगणित गरिबांचे बळी घेतले. त्याच रोगाने शिकागो आणि शांघाय गाजविलेल्या कलावंतालाही नेले.

त्यांची परंपरा खंडित झाली नाही. कलकत्त्यात त्यांच्याबरोबर वाजविलेल्या नेपाळी ट्रम्पेटवादक जॉर्ज बँक्स यांचे पुत्र लुई बँक्स हे पुढे भारतातील अग्रगण्य जॅझ पियानोवादक आणि संगीतकार झाले. मुंबई हीच त्यांची कर्मभूमी ठरली.

वेदरफोर्ड यांनी देश सोडला, याचा दोष त्यांना देता येणार नाही. अपमानाच्या जागेतून उठून जाणे हाही स्वाभिमानाचाच एक मार्ग आहे. पण त्यांच्या मागे राहिलेल्यांचे काय, याचे उत्तर त्या मार्गात नव्हते. ते उत्तर राहून लढणाऱ्यांनी दिले. १९४६ मध्ये अमेरिकेतील कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची माहिती घेण्यासाठी बाबासाहेबांनी विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डुबॉइस यांच्याशी पत्रव्यवहार केला. १९५० मध्ये आपल्या संविधानाच्या १७ व्या अनुच्छेदाने अस्पृश्यता नष्ट केली. अमेरिकेत १९५४ मध्ये शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरला आणि १९६४ मध्ये नागरी हक्कांचा कायदा झाला. आपल्या तरुणांनी १९७२ मध्ये दलित पँथर उभी केली, तेव्हा तिचे नावही त्या समुद्रापलीकडच्या लढ्यातूनच आले होते.

आज आपल्या जिल्ह्यातील कितीतरी मुले-मुली गोव्यात, मुंबईत, आखातात आणि जहाजांवर काम करतात. कोणी स्वयंपाकघरात, कोणी यंत्रांवर, कोणी वाद्य घेऊन. हाताला आलेली विद्या माणसाला कोठेही उभे करते, हे वेदरफोर्ड यांच्या आयुष्याने दाखविले आहे आणि आपल्या विद्यार्थ्यांनी ते मनावर घ्यावे. परक्या गावी मिळणारा मान त्यांनी ताठ मानेने स्वीकारावा, आपली विद्या दुसऱ्याला शिकवावी आणि सुट्टीत गावी आल्यावर विहिरीवर, शाळेत आणि ग्रामसभेत आपल्या माणसांना कोणती जागा मिळते, हे दर वेळी डोळे उघडे ठेवून पाहावे.