कार्ल गुस्टाफ युंग

कार्ल गुस्टाफ युंग (२६ जुलै १८७५, केसविल, स्वित्झर्लंड – ६ जून १९६१, क्युसनाख्त, स्वित्झर्लंड) हे स्विस मनोविकारतज्ज्ञ व विश्लेषणात्मक मानसशास्त्राचे प्रवर्तक होते. सामूहिक अबोध मन, आदिबंध तसेच अंतर्मुख व बहिर्मुख हे व्यक्तिमत्त्वप्रकार या त्यांच्या संकल्पना मानसशास्त्राबाहेरही रूढ झाल्या. एकच वस्तुस्थिती दोन प्रामाणिक माणसांना वेगवेगळी का दिसते, या प्रश्नातून त्यांचा व्यक्तिमत्त्वप्रकारांचा सिद्धांत आकाराला आला.

जीवन

युंग यांचे वडील पाउल युंग हे स्विस रिफॉर्म्ड चर्चचे पाद्री होते. युंग यांनी १८९५ ते १९०० या काळात बाझेल विद्यापीठात वैद्यकाचे शिक्षण घेतले आणि डिसेंबर १९०० मध्ये झुरिक येथील बुर्गहोल्ट्स्ली मनोरुग्णालयात ऑयगेन ब्लॉयलर यांच्या हाताखाली काम सुरू केले. १९०३ मध्ये त्यांचा एमा राउशेनबाख यांच्याशी विवाह झाला. या दांपत्यास पाच अपत्ये झाली.

बुर्गहोल्ट्स्ली येथे त्यांनी शब्दसाहचर्य चाचणीवर संशोधन केले. एकेक शब्द उच्चारताच मनात येणारा पहिला शब्द रुग्णाने सांगावयाचा आणि त्यास लागलेला वेळ मोजावयाचा, असे या चाचणीचे स्वरूप होते. ज्या शब्दांपाशी रुग्ण अडखळे, त्यांच्यामागे भावनांनी भारलेल्या कल्पनांचा पुंजका असतो, असे त्यांनी दाखवले. यालाच गंड असे नाव मिळाले.

फ्रॉइड यांच्याशी संबंध

सिग्मंड फ्रॉइड यांच्याशी युंग यांचा पत्रव्यवहार १९०६ मध्ये सुरू झाला आणि १९०७ मध्ये व्हिएन्ना येथे त्यांची भेट झाली. १९०९ मध्ये दोघे अमेरिकेतील क्लार्क विद्यापीठात व्याख्यानांसाठी गेले. १९१० मध्ये युंग आंतरराष्ट्रीय मनोविश्लेषण संघटनेचे पहिले अध्यक्ष झाले. तथापि कामप्रेरणेच्या स्वरूपाविषयी मतभेद वाढत गेले आणि १९१३ मध्ये दोघांचे संबंध तुटले. पुढील वर्षी युंग यांनी अध्यक्षपद सोडले.

आल्फ्रेड आडलर हे १९११ मध्येच फ्रॉइड यांच्यापासून वेगळे झाले होते. एकाच मनोविकाराची फ्रॉइड व आडलर यांनी केलेली स्पष्टीकरणे परस्परविरोधी असूनही दोन्ही पटण्याजोगी होती, ही बाब युंग यांना महत्त्वाची वाटली. त्यांच्या मते फ्रॉइड माणसाचे बाह्य विषयांशी असलेले नाते पाहत होते, तर आडलर माणसाची स्वतःचे श्रेष्ठत्व राखण्याची धडपड पाहत होते. सिद्धांत मांडणाऱ्याची मनोवृत्ती त्याच्या सिद्धांतात उतरते, असा निष्कर्ष त्यांनी यातून काढला.

व्यक्तिमत्त्वप्रकार

या विषयावरील युंग यांचे पहिले व्याख्यान १९१३ मध्ये म्युनिक येथे झाले. त्याचा विस्तार १९२१ मध्ये ‘सायकोलॉगिशे टायपन’ या ग्रंथात झाला. ज्याची मानसिक ऊर्जा बाह्य वस्तूंकडे व व्यक्तींकडे वाहते तो बहिर्मुख आणि ज्याची ऊर्जा स्वतःच्या अंतर्विश्वाकडे वळते तो अंतर्मुख, असे वर्गीकरण त्यांनी केले. प्रारंभी ते विचारास अंतर्मुखतेशी आणि भावनेस बहिर्मुखतेशी जोडत असत. पुढे त्यांनी विचार, भावना, संवेदन व अंतःप्रज्ञा ही चार स्वतंत्र कार्ये मानली. दोन वृत्ती व चार कार्ये यांच्या संयोगातून आठ प्रकार सिद्ध होतात.

प्रत्येक माणसात दोन्ही वृत्ती असतात. त्यांपैकी एक प्रबळ होते आणि दुसरी अबोध मनात राहून पहिलीची भरपाई करते, असे युंग मानत. त्यामुळे एखाद्याचा प्रकार कळला की त्याच्यात काय अविकसित राहिले आहे, याचाही बोध होतो. मनातील विरोधी प्रवृत्तींच्या विवेचनात त्यांनी भारतीय तत्त्वज्ञानातील द्वंद्वाच्या कल्पनेचाही आधार घेतला. माणसांवर केवळ प्रकाराचा शिक्का मारणे त्यांना निरर्थक वाटे.

भारतभेट

इंडियन सायन्स काँग्रेसच्या रौप्यमहोत्सवी अधिवेशनानिमित्त ब्रिटिश भारत सरकारच्या निमंत्रणावरून युंग १९३७ च्या अखेरीस भारतात आले. अलाहाबाद, बनारस व कलकत्ता येथील विद्यापीठांनी त्यांना सन्माननीय पदव्या दिल्या. सांची येथील स्तूपांचा त्यांच्यावर खोल परिणाम झाला. कलकत्त्यात आमांश झाल्याने त्यांना काही दिवस रुग्णालयात राहावे लागले.

टीका व प्रभाव

१९३३ मध्ये, जर्मनीत नाझी सत्तेवर आल्यानंतर, युंग यांनी मानसोपचारविषयक एका वैद्यकीय संघटनेचे अध्यक्षपद स्वीकारले. १९३४ मधील लेखात त्यांनी ज्यू व जर्मन मानसात भेद केल्याने त्यांच्यावर तीव्र टीका झाली. व्यक्तिभेद समजून घेण्याचा आग्रह धरणाऱ्याने संपूर्ण समाजास एकच मानस चिकटवावे, यातील विसंगती टीकाकारांना खटकते.

अमेरिकेतील कॅथरीन ब्रिग्ज व त्यांची कन्या इझाबेल ब्रिग्ज मायर्स यांनी युंग यांच्या विचारांवरून सोळा प्रकारांची प्रश्नावली तयार केली. नोकरभरती व प्रशिक्षणात ती मोठ्या प्रमाणावर वापरली गेली. बहुतेकांचे गुण दोन टोकांच्या मध्ये पडतात आणि पुन्हा चाचणी दिल्यास अनेकांचा प्रकार बदलतो, असे आक्षेप तिच्यावर घेतले जातात. हान्स आयझेंक यांच्यापासूनचे संशोधक बहिर्मुखता ही कमी-अधिक प्रमाणात आढळणारी मोजण्याजोगी मिती मानतात. पाच घटकांच्या प्रचलित व्यक्तिमत्त्व-प्रतिमानातही तिला स्थान आहे.

झुरिक येथे १९४८ मध्ये स्थापन झालेल्या सी. जी. युंग संस्थेत त्यांच्या पद्धतीचे प्रशिक्षण दिले जाऊ लागले. क्युसनाख्त येथील राहत्या घरी वयाच्या ८५ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.