जहाजमालकाचा खटला आणि न्या. गजेंद्रगडकर

खामगावहून चिखलीमार्गे जालन्याकडे जाणारा एखादा मालट्रक अडवला गेला आणि पोत्यांखाली गांजा निघाला, तर दोन माणसांवर प्रसंग ओढवतो. माल आपण भरला नाही, असे चालक म्हणतो. गाडी केवळ भाड्याने दिली होती, असे मालक सांगतो. या अजाणतेपणाला कायद्याच्या दरबारात किती मोल आहे? या प्रश्नाच्या भारतीय उत्तराला आकार देणाऱ्यांमध्ये साताऱ्यात जन्मलेले सरन्यायाधीश प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर यांचे स्थान महत्त्वाचे आहे.

१६ मार्च १९०१ रोजी एका संस्कृत पंडितांच्या घराण्यात त्यांचा जन्म झाला. धारवाडचे कर्नाटक कॉलेज आणि पुण्याचे डेक्कन कॉलेज येथे शिक्षण घेऊन १९२६ साली ते कायद्याचे पदवीधर झाले आणि मुंबईत वकिली करू लागले. घरातून आलेली शास्त्राभ्यासाची परंपरा त्यांनी सोडली नाही. 'हिंदू लॉ क्वार्टर्ली'चे आणि नंदपंडितांच्या 'दत्तकमीमांसा' या ग्रंथाचे संपादन त्यांनी केले. १९४५ साली ते मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झाले आणि जानेवारी १९५७ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेले.

श्रमिकांचे प्रश्न समजून घेणारा न्यायाधीश हा त्यांचा लौकिक होता. १९५५ साली बँक कर्मचाऱ्यांच्या निवाड्याविषयी नेमलेल्या आयोगाचे ते प्रमुख होते. पुढे बोनस, वेतन आणि बडतर्फी यांसंबंधीच्या त्यांच्या निकालांनी औद्योगिक कायद्याची घडी बसवली.

१ फेब्रुवारी १९६४ रोजी ते सरन्यायाधीश झाले. त्याच वर्षी त्यांनी एका जहाज कंपनीच्या खटल्याचा निकाल लिहिला. १९५७ साली कलकत्ता बंदरात आलेल्या 'ईस्टर्न सागा' या जहाजावर कस्टम्स अधिकाऱ्यांना चोरकप्प्यात दडवलेले सोने सापडले होते. जहाज जप्त करण्याचा आदेश निघाला. ते सोडवून घ्यायचे तर २५ लाख रुपये दंड भरायचा होता. हा चोरकप्पा आपल्याला ठाऊकच नव्हता, मग शिक्षा कशासाठी, हा कंपनीचा युक्तिवाद होता. माल लपवण्यासाठी फेरफार केलेल्या जहाजाला देशाच्या हद्दीत येण्यास १८७८ च्या सागरी सीमाशुल्क कायद्याने मनाई होती. गजेंद्रगडकरांनी कंपनीचा मुद्दा फेटाळला. मालकाला माहिती होती हे प्रत्येक वेळी सरकारला सिद्ध करावे लागले, तर सोन्याची चोरटी आयात रोखणारे कलम निरुपयोगी ठरेल, असा त्यांच्या विवेचनाचा आशय होता. गुन्ह्याला दुष्ट हेतू लागतोच, या जुन्या तत्त्वाला या कलमापुरता अपवाद झाला.

मार्च १९६६ मध्ये निवृत्त झाल्यावर त्यांनी मुंबई विद्यापीठाचे कुलगुरुपद सांभाळले आणि १९७१ पासून विधी आयोगाचे अध्यक्षपद भूषवले. सामाजिक व आर्थिक गुन्ह्यांवरील आयोगाचा ४७ वा अहवाल १९७२ साली सादर झाला. तस्करी, काळाबाजार आणि करचुकवेगिरी करणारे बडे लोक पुराव्याअभावी निसटतात, ही त्यामागची चिंता होती. आरोपीच्या मनात गुन्ह्याचा हेतू होता असे न्यायालयाने गृहीत धरावे आणि तो नव्हता हे आरोपीने दाखवावे, ही कल्पना त्यात पुढे आली. १९७३ साली सीमाशुल्क कायद्यात तशा अर्थाचे कलम आले. १९७२ मध्येच गजेंद्रगडकरांना पद्मविभूषण मिळाले होते. १२ जून १९८१ रोजी त्यांचे निधन झाले.

त्यानंतर चार वर्षांनी अमली पदार्थविरोधी कायदा आला. त्याच्या ३५ व्या कलमात हेच गृहीतक आहे. आपल्याला माहिती नव्हती हे चालकाने नुसते सांगून भागत नाही. ते निःसंशय सिद्ध करावे लागते. जाणूनबुजून गाडी वापरू देणाऱ्या मालकाला २५ व्या कलमान्वये मूळ गुन्ह्याइतकीच शिक्षा होते. निर्दोष मालकालाही गाडी परत हवी असेल, तर आपल्याला, आपल्या प्रतिनिधीला आणि चालकाला कल्पना नव्हती व प्रत्येकाने वाजवी खबरदारी घेतली होती, हे दाखवावे लागते. भाडेपावती, माल पाठवणाऱ्याचे नाव आणि चालकाची पडताळणी यांना म्हणूनच मोल येते. ताब्यासारख्या मूळ बाबी सरकारने आधी सिद्ध केल्याशिवाय हे ओझे आरोपीवर येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली नूर आगा खटल्यात स्पष्ट केले.

धनाढ्य तस्करांसाठी विणलेले हे जाळे आहे. पण रस्त्यावर त्यात सर्वप्रथम सापडतो तो पगारी चालक. ज्या न्यायाधीशाने श्रमिकांची बाजू आयुष्यभर समजून घेतली, त्याच्याच विचारातून घडलेल्या कायद्यात एका श्रमिकावर स्वतःचे निरपराधित्व सिद्ध करण्याचा भार यावा, हा पेच गजेंद्रगडकरांच्या वारशात कायम आहे.