तीन राज्यांचे सिनेटर जेम्स शील्ड्स

अब्राहम लिंकन हे नाव आपल्या शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. पण ज्या आयरिश कॅथलिक माणसाशी ते एकदा तलवार घेऊन लढायला उभे राहिले होते, त्या जेम्स शील्ड्स यांचे नाव फारसे कोणी ऐकलेले नसते.

शील्ड्स यांचा जन्म १८०६ च्या सुमारास आयर्लंडमधील टायरोन परगण्यात आल्टमोर येथे झाला. विशीत असताना ते अमेरिकेला गेले. काही काळ शाळेत शिकवले, कायद्याचा अभ्यास केला आणि इलिनॉय राज्यात कॅस्कॅस्किया या जुन्या फ्रेंच वस्तीच्या गावी वकिली सुरू केली. त्या काळी इलिनॉय म्हणजे नुकताच वसू लागलेला सरहद्दीचा मुलूख. नव्या माणसाला तिथे लवकर वर येता येई. १८३६ मध्ये ते राज्याच्या विधानसभेवर निवडून आले आणि १८४१ मध्ये राज्याच्या हिशेब खात्याचे प्रमुख झाले.

इथेच भांडणाला तोंड फुटले. १८४२ मध्ये राज्याची बँक बुडाली. तिच्या नोटा कर म्हणून घेऊ नयेत, असा हुकूम शील्ड्स यांच्या सहीने निघाला. शेतकऱ्यांकडे दुसरे पैसे होतेच कुठे? विरोधी पक्षाच्या लिंकननी रिबेका नावाच्या खेडवळ बाईच्या तोंडी एक पत्र रचून वर्तमानपत्रात छापले. त्यात हुकुमाबरोबर शील्ड्स यांच्या नटवेपणाचीही टर उडवली होती. पुढे लिंकनची पत्नी झालेल्या मेरी टॉड आणि तिच्या मैत्रिणीने आणखी एका पत्राची भर घातली. नाव न लावता कोणाची अब्रू काढणे सोपे असते. शील्ड्स भडकले. त्यांनी संपादकाकडून लेखकाचे नाव मिळवले, लिंकनकडे माफी मागितली आणि ती न मिळाल्यामुळे द्वंद्वयुद्धाचे आव्हान दिले.

द्वंद्वयुद्ध लढणाऱ्यांना आणि त्यांच्या साक्षीदारांनाही ख्रिस्तसभेने १५६३ मध्ये ट्रेंटच्या धर्मपरिषदेत बहिष्काराची शिक्षा सांगितली होती. तरीही हा कॅथलिक माणूस निघाला. रागापुढे धर्माची आठवण राहिली नाही, असेच म्हणावे लागते.

शस्त्र निवडण्याचा हक्क लिंकनचा होता. त्यांनी घोडदळाच्या जड तलवारी निवडल्या. दोघांच्या मध्ये एक फळी उभी ठेवायची आणि ती कोणी ओलांडायची नाही, अशी अट घातली. लिंकन सहा फूट चार इंच उंच, हात लांब. शील्ड्स त्यांच्यापेक्षा बरेच बुटके. इलिनॉयमध्ये असे युद्ध बेकायदा असल्यामुळे २२ सप्टेंबर १८४२ रोजी मंडळी आल्टन गावासमोर मिसिसिपी नदीतील बेटावर गेली. लिंकननी तिथे तलवारीने डोक्यावरची उंच फांदी सहज छाटून दाखवली, असे सांगतात. अखेर मित्र मध्ये पडले. आपल्या लिहिण्यात राजकारण होते, शील्ड्स यांच्या चारित्र्याला डाग लावण्याचा हेतू नव्हता, असा खुलासा लिंकनच्या बाजूने झाला आणि शील्ड्स यांनी तो मान्य केला. रक्त न सांडता सगळे परतले. पुढे या प्रकरणाचा विषय काढलेला लिंकनना मुळीच आवडत नसे.

मेक्सिकोच्या युद्धात १८४७ मध्ये सेरो गोर्दो येथे शील्ड्स यांच्या छातीतून गोळा आरपार गेला. ते वाचतील असे कोणाला वाटत नव्हते, पण वाचले. १८४९ मध्ये ते इलिनॉयचे सिनेटर म्हणून निवडून आले, तर नागरिकत्वाला नऊ वर्षे पुरी झाली नाहीत म्हणून निवड रद्द झाली! ती मुदत भरताच त्याच वर्षी त्यांना पुन्हा निवडण्यात आले. १८५५ मध्ये ते हरले. परदेशातून आलेल्या लोकांविरुद्ध आणि कॅथलिकांविरुद्ध तेव्हा देशात मोठा गदारोळ चालू होता. शील्ड्स मिनेसोटात गेले आणि आयरिश कुटुंबांना जमिनीवर वसवू लागले. शील्ड्सव्हिल हे गाव त्यांच्याच नावाचे. १८५८ मध्ये ते मिनेसोटाचेही सिनेटर झाले, पण चिठ्ठ्या टाकल्या तेव्हा वाट्याला लहान मुदत आली आणि वर्षभरात पद गेले.

१८६१ मध्ये यादवी युद्ध पेटले. अध्यक्षपदी लिंकन होते. आपल्यावर तलवार उगारायला निघालेल्या या माणसाला त्यांनी ब्रिगेडियर जनरल नेमले. शील्ड्स यांनीही ते पद घेतले. १८६२ च्या मार्चमध्ये कर्न्सटाउनला ते जखमी झाले. दुसऱ्या दिवशी त्यांच्याच तुकडीने स्टोनवॉल जॅक्सन यांच्या फौजेला मागे हटवले. पुढच्या लढाया मात्र त्यांना साधल्या नाहीत. १८६३ मध्ये त्यांनी राजीनामा दिला.

शेवटी ते मिसुरीत कॅरल्टन येथे शेतीवर राहिले. १८७९ मध्ये काही आठवड्यांसाठी मिसुरीचेही सिनेटर झाले. तीन राज्यांतून सिनेटवर गेलेला दुसरा माणूस अमेरिकेत झालेला नाही. त्याच वर्षी १ जूनला, व्याख्यानांच्या दौऱ्यावर असताना, आयोवा राज्यात ऑटम्वा येथे त्यांचे निधन झाले. १८९३ मध्ये इलिनॉयने त्यांचा पुतळा वॉशिंग्टनच्या संसदभवनात बसवला. कॅरल्टनच्या सेंट मेरी दफनभूमीतील त्यांच्या कबरीवर मात्र स्मारक उभे राहायला १९१० साल उजाडले.