विश्लेषण : आकडे जुळले, तरी सरकार का कोसळले? वसंतदादा आणि राज्यातील पहिली आघाडी

जानेवारी २०२५ मध्ये रायगडच्या पालकमंत्रिपदाचे नाव जाहीर झाले आणि दुसऱ्याच दिवशी त्या नियुक्तीला स्थगिती मिळाली. सत्तेतील दोन मित्रपक्षांचा या पदावर दावा होता. कर्जत तालुक्यातील कशेळेसारख्या गावाला वाटेल, मंत्र्यांच्या भांडणाशी आपला काय संबंध? संबंध आहे. पालकमंत्री हा जिल्हा नियोजन समितीचा अध्यक्ष असतो. वाडीचा रस्ता, शाळेची खोली, नळपाणी योजना यांच्यासाठीचा जिल्ह्याचा निधी याच समितीतून मार्गी लागतो. म्हणून मित्रपक्षांची ओढाताण मुंबईत झाली, तरी तिची झळ गावाला लागते.

ही ओढाताण नवी नाही. महाराष्ट्रातील पहिले आघाडी सरकार १९७८ मध्ये आले आणि साडेचार महिन्यांतच पडले. त्याचे मुख्यमंत्री होते वसंतराव बंडूजी पाटील, अर्थात वसंतदादा.

वसंतदादा कोण होते?

१३ नोव्हेंबर १९१७ रोजी त्यांचा जन्म झाला. गाव सांगलीजवळचे पद्माळे. जेमतेम वर्षाचे असताना प्लेगच्या साथीत आई-वडील गेले. आजीने वाढवले. शिक्षण मराठी सातवीपर्यंतच झाले. पुढे राज्याचा कारभार हाती आला, तेव्हा या कमी शिक्षणाची चर्चा विरोधकांनी बरीच केली. पण माणसे ओळखण्याची आणि ती धरून ठेवण्याची त्यांची हातोटी विरोधकही मान्य करत.

१९४२ च्या चळवळीत ते भूमिगत झाले. त्याच काळात इकडे कर्जत-मुरबाडच्या डोंगरपट्ट्यात माथेरानचे भाई कोतवाल आझाद दस्ता चालवत होते. मुंबईच्या कारखान्यांना वीज नेणारे मनोरे पाडणे हे या दस्त्याचे मोठे काम. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर भाई कोतवाल आणि हिराजी पाटील पोलिसांच्या गोळीबारात हुतात्मा झाले. त्यानंतर सहा महिन्यांनी, २४ जुलै १९४३ रोजी, वसंतदादा आणि त्यांच्या साथीदारांनी सांगलीचा तुरुंग फोडला. पाठलागात दोन साथीदार मारले गेले. दादांच्या खांद्याला गोळी लागली आणि ते पुन्हा पकडले गेले. स्वातंत्र्यानंतरच्या राजकारणात या जखमेने त्यांना मोठा मान मिळवून दिला.

मंत्रिमंडळापर्यंतची वाट कशी होती?

१९५२ मध्ये ते सांगलीतून आमदार झाले. मात्र त्यांचा खरा पाया सहकारात होता. सांगलीचा शेतकरी सहकारी साखर कारखाना त्यांनी उभा केला. ऊस घालणारा शेतकरी, कामगार, बँक आणि सरकार या चौघांना एका मांडवाखाली ठेवायचे, तर रोज काहीतरी देवाणघेवाण करावी लागते. ते शिक्षण त्यांना कारखान्याने दिले. पुढे ते प्रदेश काँग्रेसचे अध्यक्ष झाले. १९७२ मध्ये वसंतराव नाईक यांच्या मंत्रिमंडळात पाटबंधारे खाते त्यांच्याकडे आले, आणि तेही भीषण दुष्काळाच्या वर्षात. शंकरराव चव्हाण मुख्यमंत्री असताना मात्र दादा मंत्रिमंडळातून बाहेर पडले आणि त्यांनी राजकारणातून निवृत्तीची घोषणा केली.

ती निवृत्ती फार काळ टिकली नाही. आणीबाणीनंतर १९७७ च्या लोकसभा निवडणुकीत काँग्रेसला मोठा फटका बसला. शंकरराव पायउतार झाले आणि दादा मुख्यमंत्री झाले.

१९७८ मध्ये आघाडीची वेळ का आली?

जानेवारी १९७८ मध्ये काँग्रेस फुटली. इंदिरा गांधी यांनी वेगळा पक्ष काढला, तो इंदिरा काँग्रेस. यशवंतराव चव्हाण, वसंतदादा आणि शरद पवार ब्रह्मानंद रेड्डी यांच्या काँग्रेसमध्ये राहिले. महिन्या-दीड महिन्यात विधानसभेची निवडणूक आली आणि दोन्ही काँग्रेस एकमेकींविरुद्ध लढल्या. निकाल त्रिशंकू लागला. जनता पक्षाला ९९, रेड्डी काँग्रेसला ६९ आणि इंदिरा काँग्रेसला ६२ जागा. अपक्ष २८. सभागृह २८८ जणांचे, बहुमताला १४५ हवेत.

सर्वात मोठा पक्ष जनता होता. पण त्याला सत्तेबाहेर ठेवण्यासाठी कालपर्यंत भांडणाऱ्या दोन काँग्रेस एकत्र आल्या. दोघींचे मिळून १३१ होत होते. उरलेली गरज अपक्षांनी भागवली. मार्च १९७८ मध्ये वसंतदादा मुख्यमंत्री झाले आणि इंदिरा काँग्रेसचे नाशिकराव तिरपुडे उपमुख्यमंत्री. राज्यात उपमुख्यमंत्रिपद प्रथमच निर्माण झाले, तेही मित्रपक्षाचा मान राखण्यासाठी.

मग बिनसले कुठे?

घटनेनुसार मंत्रिमंडळ विधानसभेला सामूहिकरीत्या जबाबदार असते. म्हणजे आत कितीही वाद झाले, तरी बाहेर एकच भूमिका. १९७८ च्या सरकारात हेच घडले नाही. तिरपुडे यांनी यशवंतराव चव्हाणांवर जाहीर टीका सुरू ठेवली. यशवंतरावांना मानणाऱ्या मंत्र्यांना उपमुख्यमंत्र्यांच्या शेजारी बसणे जड जाऊ लागले. दोन्ही पक्षांचे अंतिम निर्णय घेणारे नेते दिल्लीत होते आणि त्यांचे आपसात पटत नव्हते. दादांचे हात दोन्हीकडून बांधलेले होते. तिरपुड्यांना आवरावे, तर सरकार जाते. न आवरावे, तर स्वतःचे सहकारी जातात.

जुलैच्या पावसाळी अधिवेशनात तसेच झाले. उद्योगमंत्री शरद पवार, सुंदरराव सोळंके, सुशीलकुमार शिंदे आणि दत्ता मेघे यांनी राजीनामे दिले. ४० च्या आसपास आमदार त्यांच्याबरोबर गेले. सभागृह सुरू असतानाच बहुमत गेले आणि दादांनी राजीनामा दिला. १८ जुलै १९७८ रोजी पवार वयाच्या ३८ व्या वर्षी पुरोगामी लोकशाही दलाचे, म्हणजे पुलोदचे, मुख्यमंत्री झाले. या आघाडीत जनता पक्ष आणि शेतकरी कामगार पक्षही होते. रायगड, म्हणजे तेव्हाचा कुलाबा, हा शेकापचा बालेकिल्ला. शेकापचे एन. डी. पाटील सहकारमंत्री झाले. पाठीत खंजीर हा शब्दप्रयोग या घटनेला जो चिकटला, तो आजतागायत सुटलेला नाही.

आज असे घडू शकेल का?

त्या वेळी पक्ष सोडणाऱ्या आमदाराची आमदारकी जात नसे. पक्षांतरबंदी कायदा १९८५ मध्ये आला. २००३ मध्ये त्यातील एक तृतीयांश फुटीची सवलत काढली गेली. त्याच घटनादुरुस्तीने मंत्र्यांच्या संख्येला सभागृहाच्या १५ टक्क्यांची मर्यादा घातली. महाराष्ट्रात मुख्यमंत्र्यांसह जास्तीत जास्त ४३ मंत्री होऊ शकतात. पक्ष वाढले, खुर्च्या मात्र मोजक्या राहिल्या. त्यामुळे खातेवाटप आणि पालकमंत्रिपद यांवर सारी ताकद लागते. कायद्याने फुटीला अटी घातल्या. मित्रपक्षांत विश्वास निर्माण करण्याची तरतूद कोणत्याही कायद्यात नाही.

दादांचे पुढे काय झाले?

पुलोद सरकारही मुदत पूर्ण करू शकले नाही. फेब्रुवारी १९८० मध्ये ते बरखास्त झाले. दादा इंदिरा काँग्रेसमध्ये गेले आणि फेब्रुवारी १९८३ मध्ये पुन्हा मुख्यमंत्री झाले. या वेळी सरकार एका पक्षाचे होते. विनाअनुदानित तत्त्वावर खासगी अभियांत्रिकी आणि वैद्यकीय महाविद्यालयांना परवानगी देण्याचा निर्णय याच काळातला. त्याने राज्यात हजारो जागा तयार झाल्या आणि शिक्षण महागण्याचा वादही सुरू झाला. १९८५ मध्ये प्रदेशाध्यक्षाच्या नेमणुकीवरून पक्षश्रेष्ठींशी मतभेद झाले आणि त्यांनी पद सोडले. त्यानंतर ते राजस्थानचे राज्यपाल होते. ज्यांनी त्यांचे सरकार पाडले, ते पवार १९८६ मध्ये काँग्रेसमध्ये परतले आणि १९८८ मध्ये पुन्हा मुख्यमंत्री झाले. हे दादांनी पाहिले. १ मार्च १९८९ रोजी त्यांचे निधन झाले.

गावाच्या हाती काय उरले?

या पडापडीच्या वर्षांत एक काम मात्र थांबले नाही. १९७७ चा रोजगार हमी कायदा २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. मधल्या काळात मुख्यमंत्री बदलले, आघाड्या बदलल्या, पण कायदा कोणी गुंडाळला नाही. पावसाळा संपला की वीटभट्टीची वाट धरणाऱ्या कर्जत-खालापूरच्या ठाकूर आणि कातकरी कुटुंबांसारख्यांना मागेल त्याला काम हा हक्क त्यातून मिळाला. मंत्री कोणत्या पक्षाचा, यापेक्षा तो गेल्यावर काम चालू राहते की अडते, हे वाडीवरच्या माणसाला जास्त महत्त्वाचे असते.