जॉर्ज थॉमस : मराठ्यांच्या चाकरीतला आयरिश तलवारबहाद्दर



आपल्या वेळापूरच्या अर्धनारीनटेश्वराच्या देवळात तुम्ही कितीतरी वेळा गेला असाल. पण तिथले वीरगळ कधी थांबून बघितलेत का? वीरगळ म्हणजे लढाईत पडलेल्या वीराचा दगड. खालच्या चौकटीत ढाल-तलवार घेऊन झुंज, त्याच्या वर वीराला स्वर्गात नेणाऱ्या अप्सरा, आणि अगदी वर तो शिवलिंगापुढे हात जोडून बसलेला. बहुतेक दगडांवर त्याचं नाव मात्र नसतं. हे दगड बघितले की मुलं हटकून विचारतात, तलवारीचे असे शूर फक्त आपल्याकडेच होते का हो?

नाही, बाळांनो. आज अशाच एका परमुलखातल्या माणसाची गोष्ट वाचा. तो होता आयर्लंडचा, पण लढला आपल्या मराठ्यांच्या चाकरीत, आणि त्याचा शेवटही मराठ्यांच्याच फौजेने केला.

आधी आयर्लंडबद्दल थोडं. हे इंग्लंडच्या पश्चिमेचं बेट. तिथल्या जुन्या तलवारीची एक खूण सांगतो. मुठीच्या टोकाला भरीव गोळा नसायचा, पोकळ कडी असायची. ड्यूरर नावाच्या जर्मन चित्रकाराने १५२१ साली आयरिश सैनिकांचं चित्र काढलंय, त्यात अवजड लांब तलवारी खांद्यावर टाकलेले गडी दिसतात. पुढे इंग्रजांनी बेट पुरतं ताब्यात घेतलं. १६९१ साली लिमरिकचा तह झाला आणि हजारो आयरिश सैनिक देश सोडून फ्रान्सला गेले. लोक त्यांना रानहंस म्हणत. १६९५ च्या कायद्याने तर कॅथलिक माणसाला हत्यार बाळगायचीच बंदी झाली. घरात तलवार ठेवता येत नाही म्हटल्यावर मनगटात जोर असलेला माणूस दुसऱ्याच्या दारी जाणारच. फ्रान्स, स्पेन, ऑस्ट्रिया, सगळीकडे आयरिश पलटणी उभ्या राहिल्या.

आपला जॉर्ज थॉमस मात्र भलत्याच वाटेने गेला. टिपेररी परगण्यातला, जन्म १७५६ च्या सुमाराचा, घरची गरिबी. इंग्रजांच्या आरमारात खलाशी म्हणून मद्रासला आला, आणि १७८१-८२ च्या सुमारास जहाज सोडून चक्क पळाला. काही वर्षं दक्षिणेतल्या पाळेगारांकडे काढली. मग तसाच उत्तरेकडे निघाला आणि १७८७ साली दिल्लीत पोचला. नकाशा काढून मद्रास ते दिल्ली अंतर एकदा मोजा. रेल्वे नाही, ओळखीचं कुणी नाही. सहा फुटांहून उंच गडी, कमरेला तलवार, एवढंच भांडवल.

दिल्लीजवळ सरधना इथे बेगम समरूची जहागीर होती. तिने त्याला ठेवून घेतलं. १७८८ साली गोकुळगडाच्या वेढ्यात बादशहा शाह आलमच्या छावणीवर अचानक छापा पडला, तेव्हा बेगमेची पलटण आणि थॉमस धावून गेले म्हणून बादशहा वाचला. पण बेगमेच्या दरबारातल्या फ्रेंच अधिकाऱ्यांशी त्याचं पटेना. शेवटी तो तिथून बाहेर पडला.

आणि इथे आपल्या गोष्टीत मराठे येतात. महादजी शिंद्यांचे एक सरदार होते आप्पा खंडेराव. १७९३ च्या सुमारास त्यांनी थॉमसला चाकरीत घेतलं, फौज उभी करायला सांगितलं आणि खर्चाला मुलूख लावून दिला. मुलूख लावून दिला म्हणजे काय? तर तिथला वसूल तूच तलवारीच्या जोरावर गोळा कर आणि त्यातून शिपायांचे पगार भागव! त्या काळी कारभार असाच चाले. त्यामुळे थॉमसला आपण साधुसंत समजायचं कारण नाही. त्याने गावं लुटलीत, जाळलीतही. पण आप्पांचेच शिपाई पगारासाठी त्यांच्यावर उलटले तेव्हा त्यांना सोडवून आणणारा थॉमसच होता. आप्पांनी या परक्या माणसाला मुलगा मानलं.

मराठी शस्त्रांत एका तलवारीला फिरंग म्हणतात. पातं युरोपातून आलेलं, मूठ इथल्या कारागिराने बसवलेली. हात पुरता झाकणारी, आपल्या पद्धतीची. थॉमसचं तसंच झालं होतं. त्याला इंग्रजीपेक्षा फारसी सोपी जाई. पुढे कॅप्टन फ्रँकलिनला आपली हकिकत सांगायला बसला, तेव्हा फारसीत सांगू का म्हणून त्यानेच विचारलं होतं.

१७९५ साली हीच बेगम त्याच्यावर फौज घेऊन चालून निघाली होती. तेवढ्यात तिच्याच शिपायांनी बंड करून तिला कैद केलं. तिने मदतीची पत्रं पाठवली, आणि तीही कुणाला? थॉमसला! दुसरा असता तर हसला असता. हा उठला, बापू शिंद्यांकडून मराठ्यांची मदत मिळवली, सरधन्याला गेला आणि तिला पुन्हा गादीवर बसवलं.

१७९७ साली आप्पांनी आजाराला कंटाळून यमुनेत देह टाकला. त्यांचा पुतण्या वामनराव आणि थॉमस यांचं कधी जमलं, कधी फिसकटलं. मग थॉमसने सरळ हरियाणातलं ओस पडलेलं हांसी गाव घेतलं. तट बांधला, तोफा ओतल्या, आपल्या नावाची नाणी पाडली. मेलेल्या शिपायाच्या बायकापोरांना अर्धा पगार चालू ठेवायचा असा नियम केला. अठराव्या शतकात, बरं का! झज्जरजवळ त्याने जॉर्जगड बांधला. लोकांनी जॉर्जचं जहाज केलं आणि तो जहाजगड झाला.

आता वाईट भाग. १८०१ साल. महादजी जाऊन सात वर्षं झालेली. दौलतराव शिंदे माळव्यात यशवंतराव होळकरांशी झुंजत होते, आणि उत्तरेतली शिंद्यांची सगळी कवायती फौज पेरों या फ्रेंच सेनापतीच्या हातात. दौलतराव कुमक मागत होते आणि पेरोंला घाई होती थॉमसला संपवायची. आमच्या चाकरीत ये, असं बोलणं झालं, पण फ्रेंच माणसाच्या हुकमाखाली राहायला थॉमसने साफ नकार दिला. मग पेरोंने बुर्किन नावाच्या अधिकाऱ्याला फौज देऊन पाठवलं.

सप्टेंबरअखेर जहाजगडापाशी मोठी लढाई झाली. बुर्किनची माणसं ढिगाने पडली. थॉमसने त्याच वेळी उठून हल्ला केला असता तर निकाल वेगळा लागला असता, असं मला तरी वाटतं. पण त्याचा उजवा हात, कॅप्टन हॉपकिन्स, या लढाईत गेला. त्या दुःखात थॉमस दारू घेऊन बसला. जवळजवळ दोन आठवडे! ज्याच्या तलवारीला सगळा हरियाणा भीत होता, त्याचे हे दिवस बाटलीने खाल्ले. तेवढ्यात शत्रूला नवी कुमक आली, वेढा आवळला गेला. नोव्हेंबरमध्ये एका रात्री तो मोजक्या स्वारांनिशी वेढा फोडून हांसीला पोचला.

हांसीच्या गल्ल्यांत हातघाईची लढाई झाली. शिंद्यांच्या फौजेत जेम्स आणि रॉबर्ट स्किनर हे दोघे भाऊ होते, बाप स्कॉटिश, आई रजपूत. रॉबर्टने थॉमसला गाठून वार केला, पण अंगात चिलखत होतं म्हणून तो बचावला. तलवारीने हांसी पडेना म्हणून बुर्किनने बाणांना चिठ्ठ्या बांधून आत सोडल्या, फितूर व्हा आणि पैसे घ्या. फितुरी सुरू झाली, आणि डिसेंबरात थॉमसने शरणागती पत्करली.

शरण आलेल्याला बुर्किनने जेवायला बोलावलं. पेय फिरू लागलं आणि बुर्किनने पेरोंच्या विजयासाठी प्याला उचलला. बाकीच्या अधिकाऱ्यांनी आपले प्याले पालथे घातले, थॉमसच्या डोळ्यांत पाणी आलं. मग तो भडकला आणि त्याने तलवार उपसली. बुर्किन तंबूबाहेर पळाला! सगळ्यांनी समजूत घातली, हसण्यावारी नेलं. पण त्याच रात्री तंबूकडे परतताना एका पहारेकऱ्याने त्याला हटकलं. थॉमसने स्वतःची ओळख सांगितली, पहारेकऱ्याला हवं होतं बुर्किनसाहेबाचं नाव. पुन्हा तलवार बाहेर आली आणि पहारेकऱ्याचा हात तुटून पडला.

दुसऱ्या दिवशी शुद्धीवर आल्यावर थॉमसला फार वाईट वाटलं. त्याने त्या शिपायाला बोलावून पैसे दिले. पण पैशाने हात परत येतो का? तो बिचारा तर आपलं काम चोख करत होता. हा प्रसंग जेम्स स्किनरने आठवणींत नोंदवलाय, पहारेकऱ्याचं नाव मात्र त्यात नाही. मला तर ही गोष्ट वाचताना थॉमसपेक्षा तोच जास्त आठवत राहतो.

स्किनरनेच लिहिलंय की थॉमसच्या शिपायांना नव्या फौजेत जागा देऊ केली होती. काही जुन्या हवालदार-जमादारांनी अंगावरचे कपडे फाडले, पुन्हा हत्यार धरणार नाही अशी शपथ घेतली आणि ते फकीर होऊन निघून गेले.

थॉमस इंग्रजांच्या मुलखात गेला. गंगेतून कलकत्त्याला निघाला होता, मायदेशी परतायचं मनात होतं. वाटेत बंगालमध्ये बहरामपूरला २२ ऑगस्ट १८०२ रोजी तो वारला. आणि पेरों? वर्षभरात इंग्रजांचं मराठ्यांशी युद्ध पेटलं, तेव्हा शिंद्यांची चाकरी सोडून तो इंग्रजांच्या आश्रयाला गेला. बुर्किनही सप्टेंबर १८०३ मध्ये दिल्लीची लढाई हरून थोड्याच दिवसांत इंग्रजांना शरण गेला.

हरियाणात हिसारला जहाज कोठी नावाची जुनी इमारत आहे, थॉमसची म्हणून ओळखली जाते. आता तिथे संग्रहालय आहे. सैन्यात असलेले तुमचे काका-मामा त्या बाजूला असतील, तर फोटो काढून पाठवायला सांगा. आपण वर्गात बघू.